गेलेला आवाज

कधीकाळी उमटलेला कोणताही आवाज पुन्हा ऐकवील असे एखादे मायावी यंत्र असावे, ही माणसाची जुनी इच्छा आहे. चार्ल्स बॅबेज या इंग्रज गणितज्ञाने तर १८३७ मध्ये असे प्रतिपादन केले, की उच्चारलेला प्रत्येक शब्द हवेच्या कणांच्या हालचालीत कायमचा शिल्लक राहतो. ती हालचाल वाचणारी बुद्धी मात्र हवी. कल्पना मनोहर आहे, पण निसर्ग इतका उदार नाही. ध्वनी म्हणजे हवेतील कंप. तो पसरत जातो, भिंतींवर आदळतो, आणि त्याची ऊर्जा पाहता पाहता किंचितशा उष्णतेत विरून जाते. त्या उष्णतेतून गाणे परत काढता येत नाही. आवाज टिकवायचा, तर तो उमटत असतानाच कोणीतरी पकडून ठेवावा लागतो.

हिंदुस्थानात व्यापारी प्रमाणावर हे काम प्रथम झाले ते कलकत्त्यास. लंडनच्या ग्रामोफोन कंपनीचा ध्वनिमुद्रक फ्रेडरिक गैसबर्ग १९०२ च्या अखेरीस आगबोटीने तेथे येऊन पोहोचला. त्या वर्षीच्या नोव्हेंबरात त्याने शशिमुखी आणि फणीबाला या रंगभूमीवरील गायिकांचे, व त्यानंतर काही दिवसांतच गौहरजान यांचे गाणे मुद्रित केले. वीज, ध्वनिग्राहक असे साहित्य त्या काळी नव्हतेच. गाणाऱ्याने एका मोठ्या कर्ण्यात तोंड घालून गायचे. त्याच्या आवाजाने कर्ण्याच्या टोकाशी बसविलेला पातळ पडदा थरथरे, आणि पडद्याला जोडलेली सुई फिरत्या मेणाच्या तबकडीवर नागमोडी खाच कोरीत जाई. साथीदारांना अंतर राखून बसवावे लागे, नाहीतर तबला गाण्यावर मात करी. सारा खेळ तीनेक मिनिटांचा. ज्या गायकीला अर्धा तास अपुरा वाटे, तिला तेवढ्यात आटोपते घेणे भाग पडले.

ही मेणाची मुद्रणे जर्मनीत हॅनोव्हर येथे पाठवून तेथे तबकड्या काढीत. गौहरजान गाण्याच्या शेवटी इंग्रजीत आपले नाव सांगताना ऐकू येतात. कारखान्यातील परदेशी कामगारांना तबकडी कोणाची हे कळावे, असे त्याचे कारण सांगितले जाते. पुढे हा प्रवास संपला. १९०८ मध्ये सियालदह येथे तबकड्यांचा कारखाना सुरू झाला. तबकडीतील मुख्य द्रव्य जी लाख, तिची मोठी बाजारपेठ कलकत्त्यातच होती.

मराठी वाचकाला येथे भाऊराव कोल्हटकरांची आठवण झाल्यावाचून राहणार नाही. किर्लोस्कर मंडळीचे हे लोकप्रिय गायक-नट १९०१ मध्ये वारले. गैसबर्ग आला त्याच्या पुढच्या वर्षी. त्या आवाजाची वर्णने पुष्कळ आहेत, आवाज नाही.

यंत्र वेळेवर आले तरी सारे वाचते असेही नाही. ‘कुंतलीन’ केशतेलाचे उत्पादक हेमेंद्रमोहन बोस यांनी स्वदेशीच्या ऐन चळवळीत, १९०६ च्या सुमारास, मेणाच्या नळकांड्यांवर मुद्रित केलेली गाणी विकावयास काढली. त्यांत स्वतः रवींद्रनाथ ठाकूर गात होते. नळकांड्याचा एक गुण असा, की घरच्या घरीही त्यावर मुद्रण करता येई. परंतु मेण मऊ. प्रत्येक वेळी सुई फिरली की खाच थोडी झिजे. त्यात बंगालची दमट हवा. मेणावर बुरशी चढते आणि ती खाचच खाऊन टाकते. ती नळकांडी जवळजवळ सर्व नाहीशी झाली आहेत. बोस यांनी १९०८ मध्ये पाथे या फ्रेंच कंपनीकडून काही मुद्रणे तबकड्यांवर उतरवून घेतली नसती, तर रवींद्रनाथांच्या आवाजातील ‘वंदे मातरम्’ आज ऐकावयास मिळाले नसते. या तबकड्यांची रीतही निराळी: त्या मध्यापासून कडेकडे वाजतात, आणि नेहमीची पोलादी सुई त्यांना चालत नाही.

अलीकडे सुईशिवायही खाच वाचता येऊ लागली आहे. खाचेचे सूक्ष्म छायाचित्रण करून संगणक तिचा ध्वनी बनवितो. लिओन स्कॉट या फ्रेंच गृहस्थाने १८६० मध्ये काजळी धरलेल्या कागदावर आवाजाची नुसती रेघ उमटविली होती. ती ऐकण्याचा त्याचा विचारही नव्हता. त्या रेघेतून २००८ मध्ये संशोधकांनी एक गाणे बाहेर काढले. प्रथम ते एखाद्या मुलीने गाइल्यासारखे वाटले. वर्षभराने ध्यानात आले की वेग दुप्पट धरला गेला होता. गाणारा पुरुष होता, बहुधा स्कॉट स्वतःच.

कलकत्त्याच्या जुन्या तबकड्यांपुढेही हाच प्रश्न आहे. जादवपूर विद्यापीठात अशा ध्वनिमुद्रणांचे संगणकीय जतन केले जाते. मिनिटाला ७८ फेरे हा वेग १९०२ मध्ये रूढ झालेला नव्हता, आणि तबकडी जरा वेगाने फिरविली की गाणाराचा षड्ज चढतो. गौहरजान यांचा खरा स्वर कोणता, हे तबकडी स्वतः सांगत नाही. ते कानाने आणि तर्काने ठरवावे लागते.