र. धों. कर्वे आणि ‘समाजस्वास्थ्य’

रूढीविरुद्ध एकदा बोलणे आणि दर महिन्याला बोलत राहणे यांत मोठे अंतर असते, आणि गणिताचे प्राध्यापक रघुनाथ धोंडो कर्वे यांचे मोठेपण या दुसऱ्या, कष्टाच्या धैर्यात आहे. अपत्ये किती व केव्हा व्हावीत हे दांपत्याने ठरवणे, म्हणजेच संततिनियमन, हा शब्दही सभ्य घरांत उच्चारला जात नसताना त्यांनी 1921 मध्ये मुंबईत त्यासाठी सल्लाकेंद्र काढले, आणि या प्रचारापायी विल्सन महाविद्यालयातील नोकरी गमावल्यावरही माघार न घेता 1927 मध्ये ‘समाजस्वास्थ्य’ हे मासिक सुरू केले. संपादन तर त्यांचे होतेच, पण ‘शारदेची पत्रे’ या सदरातील स्त्रीच्या नावाची स्पष्टोक्तीही त्यांच्याच लेखणीची होती.

वाचकांच्या लैंगिक शंकांना दिलेली सरळ उत्तरे अश्लील, म्हणजे कायद्याच्या दृष्टीने नीती बिघडवणारी, मानून 1934 मध्ये खटला झाला, तेव्हा बॅरिस्टर डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्यांच्या बाजूने उभे राहिले, ही गोष्ट मराठी वाचकांनी आवर्जून जाणून घ्यावी. निकाल विरुद्ध लागून दंड झाला, तरीही मासिक 1953 मध्ये कर्वे यांचे निधन होईपर्यंत निघत राहिले.