होर्स्ट टापर्ट : 'डेरिक'चा मितभाषी चेहरा आणि झाकलेला भूतकाळ

जर्मन दूरचित्रवाणीवरील जी मोजकी पात्रे जगभर पोहोचली, त्यांत म्युनिक पोलिसांतील निरीक्षक श्टेफान डेरिक याचे स्थान वरचे आहे. १९७४ ते १९९८ या काळात 'झेडडीएफ' वाहिनीसाठी तयार झालेल्या 'डेरिक' मालिकेचे २८१ भाग शंभराहून अधिक देशांत विकले गेले. प्रत्येक भागात ही भूमिका होर्स्ट टापर्ट यांनीच केली. १९८०च्या दशकात दूरदर्शनवर 'द ओल्ड फॉक्स' ही जर्मन मालिका पाहिलेल्या भारतीय प्रेक्षकांना या धाटणीची ओळख आहेच. दोन्ही मालिकांचे निर्माते हेल्मुट रिंगेलमान हेच होते.

२६ मे १९२३ रोजी वुप्पर्टाल येथे जन्मलेल्या टापर्ट यांना अभिनयाचा वारसा नव्हता. युद्धानंतर श्टेंडाल गावच्या नाट्यगृहात ते हिशेबनीस म्हणून नोकरीस गेले आणि तेथेच रंगमंचावर उभे राहिले. पुढे अनेक शहरांच्या रंगभूमीवर उमेदवारी करून १९५६मध्ये ते म्युनिकच्या 'कामरश्पीले' या नामांकित नाट्यसंस्थेत दाखल झाले. चित्रपटांत मात्र त्यांच्या वाट्याला बराच काळ दुय्यम भूमिकाच आल्या.

चित्र पालटले ते १९६६मध्ये. इंग्लंडमधील १९६३च्या गाजलेल्या रेल्वे दरोड्यावर आधारित तीन भागांच्या दूरचित्रवाणीपटात त्यांनी टोळीचा सूत्रधार 'मेजर' रंगवला. उंच बांधा, थंड नजर आणि सभ्य गृहस्थाची चाल यांमुळे हा गुन्हेगार प्रेक्षकांना आवडून गेला. त्यानंतर एडगर वॉलेस यांच्या रहस्यकथांवरील चित्रपटांत ते पोलीस निरीक्षक झाले. दरोडेखोराची कीर्ती त्यांना कायद्याच्या बाजूला घेऊन आली, हा योगायोग गमतीचा खरा.

'डेरिक' सुरू झाली तेव्हा टापर्ट ५१ वर्षांचे होते. सर्व भाग हर्बर्ट राइनेकर या एकाच लेखकाचे. प्रारंभीच्या भागांत खुनी कोण हे प्रेक्षकाला आधीच कळत असे; ही पद्धत फारशी रुचली नाही, म्हणून ती पुढे बदलण्यात आली. पाठलाग, गोळीबार यांना मालिकेत जागा थोडी. डोळ्यांखाली फुगवट्या असलेला, मोठ्या चष्म्याचा हा अधिकारी संशयितासमोर बसतो, ऐकतो आणि गप्प राहतो. समोरचा अस्वस्थ होऊन बोलू लागतो. टापर्ट यांचे सारे कौशल्य या गप्प राहण्यात होते. काहींना ते कंटाळवाणे वाटे. इटालियन विचारवंत उंबेर्तो एको यांनी या मालिकेच्या लोकप्रियतेचे मूळ तिच्या सामान्यपणातच शोधले होते. हा निवाडा टापर्ट यांच्यापुरता तरी अपुरा आहे. इतक्या कमी हालचालींत २४ वर्षे प्रेक्षकांना धरून ठेवणे सामान्य नटाला साधत नाही.

१३ डिसेंबर २००८ रोजी टापर्ट यांचे निधन झाले. युद्धकाळाविषयी ते फारसे बोलत नसत. आपण सैन्यात वैद्यकीय मदतनीस होतो आणि नंतर युद्धकैदी झालो, एवढेच त्यांनी सांगितले होते. एप्रिल २०१३मध्ये समाजशास्त्रज्ञ यॉर्ग बेकर यांच्या संशोधनातून वेगळी माहिती पुढे आली. लष्करी नोंदींनुसार टापर्ट हे 'वाफेन-एसएस' या नाझी सशस्त्र दलात होते आणि १९४३मध्ये त्याच्या 'टोटेनकोप्फ' डिव्हिजनच्या एका रेजिमेंटमध्ये त्यांची नेमणूक झाली होती. या डिव्हिजनची उभारणी छळछावण्यांवरील पहारेकऱ्यांमधून झाली होती. लेखक राइनेकर यांनीही युद्धकाळात एसएसचे वार्ताहर म्हणून काम केले होते, हे मात्र आधीपासून ठाऊक होते.

'झेडडीएफ'ने 'डेरिक'चे पुनःप्रक्षेपण करणार नसल्याचे जाहीर केले. नेदरलँड्समधील 'मॅक्स' या प्रसारण संस्थेनेही मालिका थांबवली. टापर्ट त्या दलात स्वेच्छेने गेले की त्यांची भरती सक्तीने झाली, याचा उलगडा पुढे आलेल्या नोंदींतून होत नव्हता. विसाव्या वर्षी केलेल्या गोष्टीसाठी पुढचे सारे काम पडद्याआड करावे काय, आणि ते लपवून ठेवण्याचा दोष किती धरावा, यावर जर्मनीत मतभेद झाले. उत्तर देण्यास टापर्ट स्वतः हयात नव्हते.