खांबावरील तार आणि घरातील तार

यंत्रमाग सुरू होताच घरातील दिवे मंदावले, तर आपण बल्ब बदलतो, फ्यूज पाहतो. दोष मात्र पुष्कळदा बाहेर, भिंतीवरच्या जोडात असतो. आपल्या खासबागेसारख्या विणकरांच्या वस्तीत हे प्रत्येक कुटुंबाने जाणून घ्यावे, असे आम्हांस वाटते.

खांबावरून येणारी तार अ‍ॅल्युमिनियमची असते. ते हलके व स्वस्त. घरातील तार बहुधा तांब्याची. हे दोन धातू नुसते पिळून बांधले आणि त्यांत पावसाचे पाणी मुरले, की अ‍ॅल्युमिनियम झिजू लागते. त्यावर हवेने येणारा पापुद्राही विजेस अडवतो. शिवाय तापल्यावर ते तांब्याहून अधिक प्रसरण पावते, त्यामुळे जोड हळूहळू सैल होतो. सैल जोड तापतो आणि प्रवाह दुप्पट झाला की उष्णता चौपट होते. येथे फ्यूज आपणांस वाचवीत नाही. कारण प्रवाह मर्यादेतच असतो, जळतो तो जोड!

उपाय साधा आहे. दोन्ही धातूंसाठी बनविलेला बायमेटॅलिक कनेक्टर वापरावा. तार घासून लगेच जोडाचे खास ग्रीस लावावे, स्क्रू घट्ट आवळावेत व जोड पाण्यापासून झाकावा. तारेस घराबाहेर खाली झोळ द्यावा, म्हणजे पाणी तेथूनच गळेल.

परंतु हे काम स्वतः करू नये. मेन स्विच बंद केला तरी खांबाकडील तार जिवंतच असते. यास्तव हेस्कॉमला कळवावे व परवानाधारक वायरमनकडूनच काम करवून घ्यावे, ही सर्व सभासदांस आमची आग्रहाची विनंती.