माळ्याने पाहिलेला आरसा

भूत-भविष्य दाखविणाऱ्या आरशाच्या गोष्टी जगात पुष्कळ आहेत. त्या आरशासमोर बहुधा राजा उभा असतो, राणी असते, नाहीतर मंत्र जाणणारा पुरोहित असतो. घरच्या नोकराला तिथे कोण उभे करणार? जे. आर. आर. टॉल्किन या इंग्रज लेखकाने मात्र १९५४ साली प्रसिद्ध झालेल्या ‘द फेलोशिप ऑफ द रिंग’मध्ये अशा आरशासमोर एका माळ्याला उभे केले, आणि तेही त्याच्या मालकाच्या आधी. श्रमिकांच्या बाजूने वाचणाऱ्या वाचकाने हे प्रकरण म्हणूनच नीट वाचले पाहिजे.

हा आरसा म्हणजे काचेची वस्तू नव्हे. लोथलोरियन या वनराज्याची स्वामिनी गॅलाड्रिएल चांदीच्या झारीने ओढ्याचे पाणी आणते आणि परातीसारख्या रुंद, उथळ चांदीच्या पात्रात ओतते. त्या पाण्यात झाले ते दिसते, चालू आहे ते दिसते आणि कदाचित होईल तेही दिसते. पण यातले कोणते चित्र कोणत्या काळाचे, हे शहाण्यालाही नेहमी सांगता येत नाही. गॅलाड्रिएल कोणाला काय करावे हे सांगत नाही. दक्षिणा घेत नाही, ग्रहशांती सुचवत नाही. पाहायचे की नाही आणि पाहून काय करायचे, हा निर्णय ती पाहणाऱ्यावर सोपवते. आपल्याकडच्या भविष्यवेत्त्यांचा धंदा ज्या भीतीवर चालतो, ती भीती विकण्याचे ती नाकारते.

फ्रोडोच्या घरची बाग राखणारा सॅम गॅमजी या पाण्यात डोकावतो. त्याला काय दिसते? राजमुकुट नाही, खजिना नाही. त्याच्या शायर या मुलुखातली झाडे कोसळताना दिसतात. जुनी गिरणी जाऊन तिथे लाल विटांची मोठी इमारत उठलेली आणि धुराडे काळा धूर ओकताना दिसते. त्याची आळी खणून काढलेली आहे आणि त्याचा म्हातारा बाप घरातले किडुकमिडुक हातगाडीवर घालून टेकडी उतरतो आहे. विकासाच्या नावाखाली ज्यांची वस्ती उठवली गेली, त्यांना हे चित्र समजावून सांगावे लागत नाही.

सॅम हादरतो. आताच्या आता घरी जायचे म्हणतो. तेव्हा गॅलाड्रिएल त्याला बजावते, की आरशात दिसलेले सगळेच घडते असे नाही. काही गोष्टी तर ती टाळण्यासाठी माणूस आपला मार्ग सोडून धावतो, म्हणूनच घडतात. सॅम डोके धरून खाली बसतो. मग ठरवतो, की घरी जाईन तो फ्रोडोबरोबर लांबच्या रस्त्यानेच, नाहीतर जाणारच नाही. भविष्य दिसले म्हणून त्याने हातातले काम टाकले नाही. प्रारब्ध म्हणून मानही तुकवली नाही. चित्र खरे निघाले तर करणाऱ्यांना भोगावे लागेल, हेही त्याने तिथेच सांगून ठेवले.

याच महाकथेत दुसरा एक पाहणारा आहे. गोंडोरचा कारभारी डेनेथॉर. उच्च कुळातला, विद्वान, सत्ताधारी. त्याच्याजवळ दूरचे दाखविणारा पालांतीर नावाचा दगड असतो. शत्रू सॉरॉन त्या दगडाला खोटे दाखवायला लावू शकत नाही, पण कोणते खरे दाखवायचे ते निवडू शकतो. डेनेथॉरला काळ्या जहाजांचा ताफा येताना दिसतो. जहाजे खरीच असतात, पण त्यांत शत्रू नसून मदत येते आहे, हे त्याला कळत नाही. हताश होऊन तो स्वतःला जाळून घेतो. चित्र खरे असले तरी ते कोण निवडतो, हे विचारलेच पाहिजे. ज्यांची हार तेवढीच ठळक छापली जाते, त्यांनी तर हा प्रश्न रोज विचारावा.

१९५५च्या ‘द रिटर्न ऑफ द किंग’मध्ये सॅम परततो तेव्हा आरशातले बरेच खरे झालेले असते. झाडे तोडलेली, आळी उद्ध्वस्त, बाप दुसरीकडे हलवलेला. गिरणीवाल्याचा मुलगा, जिथे त्याचा बाप मालक होता, तिथेच परक्यांची चाके पुसतो आहे. मग गावकरी उठतात. लढाईत एकोणीस गावकरी पडतात, पण मुलूख मोकळा होतो. पुढे सॅम रोपे लावत हिंडतो. गॅलाड्रिएलने त्याला निरोपाच्या वेळी दिलेली चिमूटभर माती तो प्रत्येक रोपाच्या मुळाशी घालतो. हा माळी पुढे सात वेळा मुलुखाचा महापौर म्हणून निवडून येतो.

टॉल्किनच्या जगात सारे समतेचे आहे, असे कोणी समजू नये. तिथे राजा रक्ताने ठरतो आणि सॅम अखेरपर्यंत फ्रोडोला मालकच म्हणतो. या मर्यादेची चिकित्सा झालीच पाहिजे. पण पहिल्या महायुद्धात सोमच्या आघाडीवर असलेल्या या लेखकाला सॅममध्ये तिथले साधे शिपाई दिसत होते आणि त्यांना तो स्वतःपेक्षा श्रेष्ठ मानत होता, हेही विसरता येत नाही.

खेदाची गोष्ट पुढेच आहे. पीटर जॅक्सन यांच्या २००१च्या चित्रपटात आरशासमोर एकटा फ्रोडो उभा आहे. सॅमला त्यात पाहायलाच मिळत नाही. शायरचा विध्वंस फ्रोडोला ओझरता दिसतो, आणि २००३च्या चित्रपटात सारे परततात तेव्हा गाव जसेच्या तसे हिरवे असते. गावकऱ्यांचा उठाव गाळला आहे. चित्रपटाला वेळेचे बंधन असते, हे मान्य. पण कात्री लागली ती नेमकी माळ्याच्या नजरेला आणि गावकऱ्यांच्या लढ्याला. जगातल्या कोट्यवधी लोकांनी ही गोष्ट फक्त पडद्यावर पाहिली. त्यांच्या लेखी माळ्याने आरशात कधी पाहिलेच नाही.

म्हणून वाचकहो, पडद्यावर थांबू नका, पुस्तक उघडा. आपल्या पोरांना सॅमचे प्रकरण वाचून दाखवा. बापाची हातगाडी पाहूनही जो रस्ता सोडत नाही आणि परतल्यावर आधी लढतो, मग झाडे लावतो, त्याची ओळख त्यांना झालीच पाहिजे.