सत्तावन्नपूर्वीची पेठ आणि पत

आपल्या सभासद बंधूंपैकी कित्येकांच्या घरी जुन्या चोपड्या अद्याप फडक्यात बांधून ठेवलेल्या असतील. त्या चाळताना सहज प्रश्न पडतो की, १८५७ च्या स्वातंत्र्ययुद्धापूर्वी बेळगाव-निपाणी भागातील व्यापारी कसा जगत होता?

१८१८ साली बेळगावचा किल्ला कंपनी सरकारच्या हाती गेला. आगगाडी तेव्हा नव्हती. घाटमाथ्यावरील माल बैलांच्या तांड्यांवरून रामघाटाने वेंगुर्ल्याच्या बंदरी उतरे. परतताना मीठ व नारळ येत. पावसाळ्यात घाटवाटा बिकट होत आणि त्याच दिवसांत चातुर्मास येई. प्रवास थांबे, वह्यांचे काम चाले.

नाणी नाना प्रकारची असत. सराफ कस पाहून बट्टा ठरवी. १८३५ साली कंपनीचा एकच रुपया ठरला आणि १८३८ साली मुंबई इलाख्यातील अंतर्गत जकाती उठल्या. व्यापाऱ्याची वाट सुकर झाली. सराफाची बट्ट्याची मिळकत मात्र आटत गेली.

रोकड बाळगून प्रवास करणे धोक्याचे, म्हणून हुंडी. येथील पेढीवर रक्कम भरावी, हुंडणावळ द्यावी आणि परगावच्या पेढीवर पैसे घ्यावेत. दर्शनी हुंडी दाखविताच पटवावी लागे, मुदती हुंडी मुदत भरल्यावर. हुंडी न पटता परत आली, तर पेढीची अब्रू गेलीच म्हणून समजावे.

खरे संकट निराळ्याच दिशेने आले. सरदार, देसाई व इनामदार हे पेठेचे मोठे गिऱ्हाईक आणि सावकाराचे मोठे ऋणको. १८३९ साली सिद्धोजीराव निंबाळकर निवर्तले व निपाणीची जहागीर खालसा झाली. पुढे १८५२ च्या कायद्याने इनाम कमिशनला बळ मिळाले आणि पिढीजाद सनदांची छाननी सुरू झाली. ज्या उत्पन्नाच्या भरवशावर कर्ज दिले, ते उत्पन्नच सरकारजमा झाले, तर वसुली कोठून व्हावी? वाडा ओस पडला की शालू विणणारा कोष्टी, दागिने घडविणारा सोनार आणि उधार देणारा वाणी, सर्वांनाच झळ लागे.

दत्तकाची परवानगी नाकारलेले नरगुंदचे बाबासाहेब भावे मे १८५८ मध्ये उठले आणि जूनमध्ये बेळगाव येथे फासावर गेले. त्या असंतोषाची मुळे अशी पेठेपर्यंत पोहोचलेली होती.

एक रुपया व मोकळा रस्ता यांनी व्यापार वाढतो, हे खरे. परंतु शब्दावरचा विश्वास ढळला की तो उभा राहत नाही. जुन्या चोपड्या जपून ठेवाव्यात, त्या याचसाठी.