सरपंचांची वऱ्हाडी

भरत गणेशपुरे अमरावती जिल्ह्याचे, पण यवतमाळात त्यांना कुणी बाहेरचं मानत नाही. ते छोट्या पडद्यावर बोलतात ती दारव्हा, नेर, दिग्रसच्या बाजारात ऐकू येणारीच बोली. 'फू बाई फू'तून ते घरोघरी पोचले. ऑगस्ट २०१४ मध्ये झी मराठीवर 'चला हवा येऊ द्या' सुरू झालं आणि मार्च २०२४ पर्यंतच्या साडेनऊ वर्षांत त्यातल्या थुकरटवाडी या काल्पनिक गावाचे सरपंच म्हणून त्यांची ओळख पक्की झाली. या कारकिर्दीचा मागोवा घेताना त्यांनी वऱ्हाडी लोकप्रिय केली असं सहज म्हटलं जातं. ते खरंच आहे, पण अपुरं आहे. त्यांचं खरं काम असं की ही बोली त्यांनी पडद्यावर पातळ होऊ दिली नाही. पुढची जबाबदारी मात्र मालिका लिहिणाऱ्यांची आणि काढणाऱ्यांची होती. ती त्यांनी फारशी उचललेली नाही.

वऱ्हाडीतून हसवणाऱ्यांची परंपरा गणेशपुऱ्यांच्या आधीची आहे. यवतमाळच्या शंकर बड्यांनी 'बॅरिस्टर गुलब्या' हा एकपात्री प्रयोग गावोगावच्या मंचांवर नेला, मिर्झा बेग यांनी 'मिर्झा एक्स्प्रेस' चालवली. या दोघांसमोर बसलेला श्रोता बहुतेक वऱ्हाडातलाच होता, त्याला काही उलगडून सांगावं लागत नव्हतं. गणेशपुऱ्यांसमोर मात्र पुण्या-मुंबईचा, कोकणातला प्रेक्षक होता. अशा वेळी नट दोन वाटा धरतो: बोली सौम्य करतो, नाहीतर हेल ताणून तिची नक्कल करतो. गणेशपुऱ्यांनी दोन्ही टाळल्या. त्यांचा सरपंच 'काहून', 'मले' सहज बोलून पुढे जातो आणि वाक्य संथपणे खाली सोडतो. समोरचा कितीही घायकुतीला आला तरी हा आपली लय सोडत नाही. हसू येतं ते या न हलणाऱ्या शांतपणामुळे. शब्द गावंढळ वाटतात म्हणून नव्हे.

यावर आक्षेप आहे, आणि तो वजनदार आहे. ज्या यवतमाळ जिल्ह्याचं नाव शेतकरी आत्महत्यांमुळे देशभर गेलं, त्याची बोली हसण्यासाठीच ऐकायची का? वऱ्हाडी कानावर पडली की लोक आधीच हसायला तयार होतात, याला ही लोकप्रियताही कारण नाही का? थोडं आहे, हे मान्य करायला हवं. पण विनोदी कार्यक्रमात नट विनोदच करणार. या बोलीला रडायला, भांडायला, प्रेम करायला दुसरी जागा फारशी कुणी दिली नाही, हा दोष त्याच्या माथी मारता येत नाही. बोलीत ती ताकद नाही असंही नाही. उद्धव शेळक्यांच्या 'धग' कादंबरीतली कौतिक १९६० पासून मराठी वाचकाला अस्वस्थ करते आहे, तीही याच बोलीत.

दुसरा आक्षेप असा की प्रेक्षकालाच गंभीर वऱ्हाडी नको असते. त्याला 'माझ्या नवऱ्याची बायको' या मालिकेने उत्तर दिलं आहे. नागपूरची राधिका २०१६ ते २०२१ या काळात मालिकेची नायिका होती, आणि तिच्या वैदर्भी बोलण्यामुळे कुणी टीव्ही बंद केला नाही. ती भूमिका करणाऱ्या अनिता दाते नाशिकच्या, म्हणजे वैदर्भी नट मिळत नाहीत ही सबबही टिकत नाही. मात्र राधिका शहरी घरातली होती. कापूस, सोयाबीन, कर्ज आणि पावसाच्या खंडात जगणारी बाई मालिकेच्या मध्यभागी अजून आलेली नाही. रंगभूमीवर ती आली आहे. श्याम पेठकरांनी लिहिलेल्या आणि हरीश इथापे यांनी दिग्दर्शित केलेल्या 'तेरवं' नाटकात आत्महत्याग्रस्त शेतकरी कुटुंबांतल्या स्त्रियांनीच कामं केली. त्यांतल्या कळंब तालुक्यातल्या राजूरच्या वैशाली येडे यांनी जानेवारी २०१९ मध्ये यवतमाळच्या ९२व्या साहित्य संमेलनाचं उद्घाटन केलं.

आता वाहिन्यांनी गणेशपुऱ्यांनाच एकदा हसवणं बाजूला ठेवायला लावणारी भूमिका द्यावी. कोरडवाहू शेतीतला बाप, बाजार समितीत भावासाठी ताटकळलेला शेतकरी, काहीही चालेल. एक तपाहून अधिक काळ त्यांनी महाराष्ट्राच्या कानाला या बोलीची सवय लावली आहे, त्यामुळे प्रेक्षकाला ती कळणार नाही हे कारण आता कुणी सांगू नये.