गिरगाव ते बातुमी

28 जुलै 2025 रोजी जॉर्जियातल्या बातुमी शहरात नागपूरच्या दिव्या देशमुखने महिलांचा बुद्धिबळ विश्वचषक जिंकला, तेव्हा तिच्याबद्दल भरभरून लिहिलं गेलं. ते योग्यच होतं. पण त्या सगळ्या लिखाणात खाडिलकर, साठे, अभ्यंकर ही आडनावं मला फार थोड्या ठिकाणी दिसली. दिव्याची गोष्ट नागपुरात सुरू केली की ती अर्धीच सांगून होते. तिचा पूर्वार्ध गिरगावात घडला आहे, आणि थोडा सांगलीतही.

महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा 1974 साली बेंगळुरूला झाली. जिंकली वासंती खाडिलकर. पुढच्या वर्षी जयश्री खाडिलकर आणि 1976 मध्ये कोट्टायमला रोहिणी खाडिलकर. तिघी सख्ख्या बहिणी, तिघी शाळकरी वयाच्या. गिरगावात राहणाऱ्या, 'नवाकाळ'चे संपादक नीलकंठ खाडिलकर यांच्या या मुली, नाट्याचार्य कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांच्या पणत्या. राष्ट्रीय विजेतेपद या घरातच मुक्कामाला आलं. एकट्या रोहिणीने ते पाच वेळा मिळवलं, त्यातली पहिली तीन लागोपाठ. जयश्री 1979 मध्ये भारताची पहिली महिला इंटरनॅशनल मास्टर झाली.

तेव्हा स्पर्धेत उतरणाऱ्या बायका होत्याच किती, असं यावर कुणी म्हणेल. आक्षेप खरा आहे. महिलांचं बुद्धिबळ तेव्हा नुकतंच उभं राहत होतं आणि तगडा प्रतिस्पर्धी मिळायचा तर तो पुरुषांमध्येच मिळायचा. म्हणून मला रोहिणीच्या पाच विजेतेपदांपेक्षाही तिने 1976 मध्ये टाकलेलं पाऊल मोठं वाटतं. तेरा वर्षांची ही मुलगी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला बसली. त्याआधी कुठलीही भारतीय मुलगी तिथे खेळली नव्हती. गदारोळ झाला. मुलीने पुरुषांत का खेळावं, नियमात बसतं का, असे प्रश्न निघाले. प्रकरण उच्च न्यायालयात गेलं आणि निकाल तिच्या बाजूने लागला. जागतिक बुद्धिबळ महासंघाचे तेव्हाचे अध्यक्ष होते डॉ. मॅक्स युवे. पेशाने गणिताचे शिक्षक, आणि 1935 मध्ये अलेखिनला हरवून जगज्जेते झालेले. राष्ट्रीय असो वा आंतरराष्ट्रीय, कोणत्याही अजिंक्यपद स्पर्धेत महिलांना मज्जाव करता येणार नाही, असा निर्वाळा त्यांनी दिला. महिलांच्या वेगळ्या स्पर्धांकडे पाठ फिरवून पुरुषांत खेळणाऱ्या हंगेरीच्या पोल्गार भगिनींकडे जगाचं लक्ष गेलं ते ऐंशीच्या दशकात. गिरगावातल्या मुलीने हा प्रश्न त्याआधीच धसाला लावला होता. आपण हे किती सहज विसरलो आहोत!

रोहिणीचा खेळ कसा होता याचा अंदाज एका आकड्यावरून येतो. 1981 साली हैदराबादला आशियाई महिला स्पर्धेत तिने बारा डावांत साडेअकरा गुण मिळवले. म्हणजे अकरा डाव जिंकले आणि एकच बरोबरीत सोडवला. दोन वर्षांनी क्वालालंपूरला तिने हेच विजेतेपद पुन्हा मिळवलं. पुढे रोहिणी आणि जयश्री या दोघी बहिणी वृत्तपत्रांच्या कामात शिरल्या. जयश्री खाडिलकर-पांडे 'नवाकाळ'च्या संपादक झाल्या. बुद्धिबळावर आयुष्य काढावं असे दिवस तेव्हा नव्हते. ते असते तर या दोघी कुठवर गेल्या असत्या, हा विचार मला अजूनही अस्वस्थ करतो.

सांगलीचं नाव आधी घेतलं, त्याचं कारण भाऊसाहेब पडसलगीकर. त्यांनी 1941 मध्ये नूतन बुद्धिबळ मंडळ स्थापन केलं आणि कृष्णाकाठच्या या गावाला बुद्धिबळाचं वेड लावलं. भाग्यश्री साठे याच सांगलीची. 1985 मध्ये ती राष्ट्रीय विजेती झाली, त्यानंतर 1986, 1988, 1991 आणि 1994 मध्येही. 1991 ला आशियाई विजेतेपदही तिचंच. तिच्या बरोबरीने मुंबईची अनुपमा अभ्यंकर, पुढची गोखले, तीही पाच वेळा राष्ट्रीय विजेती. दोघींनाही पद्मश्री मिळाली, अनुपमाला तर विशीच्या आत. भाग्यश्रीचं लग्न प्रवीण ठिपसे यांच्याशी झालं. ते 1997 मध्ये ग्रँडमास्टर झाले.

मग केंद्र दक्षिणेकडे सरकलं. चेन्नईची विजयालक्ष्मी 2001 मध्ये भारताची पहिली महिला ग्रँडमास्टर झाली. पाठोपाठ 2002 मध्ये आंध्रच्या कोनेरू हम्पीने वयाच्या पंधराव्या वर्षी पुरुष ज्या निकषांवर मिळवतात तो ग्रँडमास्टर किताब मिळवला. महाराष्ट्र थांबला नव्हता. स्वाती घाटे होती, ईशा करवडे होती. पुण्याची सौम्या स्वामिनाथन 2009 मध्ये अर्जेंटिनात मुलींची कनिष्ठ जगज्जेती झाली. याच सौम्याने 2018 मध्ये इराणच्या हमदान शहरातल्या आशियाई सांघिक स्पर्धेतून माघार घेतली, कारण तिथे डोकं झाकण्याची सक्ती होती. भारताच्या संघात खेळायची संधी सोडणं खेळाडूला सोपं नसतं. तिने ती सोडली आणि कारण उघडपणे सांगितलं.

दिव्यालाही पटाबाहेरचा असाच एक डाव खेळावा लागला. जानेवारी 2024 मध्ये नेदरलँड्समधल्या वाइक आन झे इथली स्पर्धा संपल्यावर अठरा वर्षांच्या या मुलीने जाहीरपणे लिहिलं, की प्रेक्षकांचं लक्ष आपल्या खेळाकडे नव्हतं. केस, कपडे, उच्चार यांच्याकडे होतं. त्याच वर्षी जूनमध्ये गांधीनगरला ती मुलींची कनिष्ठ जगज्जेती झाली. सप्टेंबरमध्ये बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये भारतीय महिलांनी पहिल्यांदा सुवर्ण जिंकलं. तिसऱ्या पटावर अकरापैकी साडेनऊ गुण मिळवून दिव्याने वैयक्तिक सुवर्णही घेतलं. त्या संघाचे कप्तान होते पुण्याचे ग्रँडमास्टर अभिजित कुंटे.

बातुमीत तिला पंधरावं मानांकन होतं. तिने दुसऱ्या मानांकित जू जिनरला हरवलं, मग भारताच्याच हारिकाला, आणि उपांत्य फेरीत माजी जगज्जेत्या तान झोंगयीला. तानविरुद्धचा जिंकलेला डाव 101 चालींचा होता. घड्याळात मिनिटं उरलेली नसताना एवढा लांबलेला डाव जिंकणं हे नुसत्या तयारीचं काम नव्हे, त्याला चिवटपणा लागतो. अंतिम फेरीत समोर हम्पी, म्हणजे दिव्याच्या जन्माच्या तीन वर्षं आधीच ग्रँडमास्टर झालेली खेळाडू. दोन्ही मुख्य डाव बरोबरीत सुटले, जलद टायब्रेकचा पहिलाही. दुसऱ्यात दिव्याकडे काळी मोहरी होती. वेळेच्या तंगीत हम्पीच्या हातून चूक झाली आणि डाव दिव्याच्या बाजूला झुकला. खेळ संपल्यावर ती आईच्या गळ्यात पडून रडली.

या विजयाने ती भारताची 88 वी ग्रँडमास्टर झाली. त्या 88 जणांत हम्पी, हारिका, वैशाली आणि दिव्या अशा चौघीच बायका. ग्रँडमास्टर होण्यासाठी एरवी तीन नॉर्म, म्हणजे स्पर्धांमधली ठरावीक दर्जाची कामगिरी, लागतात. दिव्याकडे त्यांतला एकही नव्हता, विश्वचषकाच्या विजेतीला किताब थेट मिळतो म्हणून तिला तो मिळाला. त्यावरून काहींनी नाकं मुरडली. मला ते पटत नाही. नियम सगळ्यांना आधीपासून ठाऊक होता आणि वाटेत तिने कुणाकुणाला हरवलं ते वर आलंच आहे. शिवाय सप्टेंबर 2025 मध्ये समरकंदच्या ग्रँड स्विस स्पर्धेत ती महिला गटात खेळलीच नाही. खुल्या गटात उतरली, इजिप्तच्या बासेम अमीनला तिने हरवलं आणि जगज्जेत्या गुकेशला बरोबरीत रोखलं.